विहिरीवरची बारी

रविवार, ९ फेब्रुवारी. सकाळी साडेदहा. मराठी शाळेची पडवी.

हजर: सुरेशभाऊ (अध्यक्ष), काकी (मास्तरांच्या पत्नी, सभेला पहिल्यांदाच), नटमंडळी पाच, मी (चिटणीस).

गैरहजर: कासमचाचा. निरोप पोचला होता.

मास्तर. हे नाव सवयीने लिहिलं गेलं, मग खोडलं.

आमच्या नाट्यमंडळाची इतिवृत्तं मी सव्वीस वर्षं लिहिते आहे. कोण आलं, काय ठरलं, कोणी करायचं, कधीपर्यंत. एवढं कागदावर आलं की कामं होतात, असा माझा अनुभव. या सभेचं इतिवृत्त एका पानात संपलं. घरी येऊन वाचलं तर त्यात मास्तर एकाच ओळीत होते: ‘दोन मिनिटे उभे राहून श्रद्धांजली.’ मास्तर स्वतः कधी दोन मिनिटं गप्प राहिले नाहीत आणि आम्हालाही त्यांनी राहू दिलं नाही. म्हणून ही दुसरी वही काढली.

मास्तर कुठल्याही शाळेत शिकवत नव्हते. जेटीवर होड्यांची मशीनं दुरुस्त करायचे. लोक खिशाला पेन लावतात तिथे त्यांचा बारा-तेराचा पाना असायचा. धापा टाकणाऱ्या मशीनवर लाकडी दांडक्याचं एक टोक टेकवायचं, दुसरं कानाला लावायचं आणि डोळे मिटून ऐकत बसायचं, ही त्यांची तपासणी. तालमीतही तेच. मेलेला नट पालथा पडला की ते जाऊन त्याच्या पाठीला कान लावायचे. “मेल्या, तू अजून जिवंत हायस. पोट हलतंय तुझं.” गावातल्या कितीतरी जणांना त्यांनी असं रंगमंचावर मरायला शिकवलं. म्हणून मास्तर.

मी चिपळूणची. लग्न होऊन इथे आले त्या वर्षी नवऱ्याबरोबर तालीम बघायला गेले होते. मासळीचा रिकामा क्रेट उपडा घालून त्यावर मास्तर बसले होते. खुर्ची दिली तरी ते घेत नसत. त्यांनी मला खालपासून वरपर्यंत बघितलं आणि विचारलं, “भरभर वाचता येतं काय?” येतं म्हटल्यावर वही हातात दिली आणि नटांना वाक्यं सांगायला विंगेत उभं केलं. पहिल्याच दिवशी माझ्याकडून दोन पानं मागे उलटली गेली. मी समोर दिसलं ते वाक्य सांगितलं आणि मेलेला नट उठून बसून बोलायला लागला. सगळे हसून लोळले. मास्तर हसले नाहीत. म्हणाले, “तुमच्या चिपळुणात मेलेली माणसं अशी परत येत असतील, बाय. आमच्याकडं त्याची पद्धत हाय.”

ती पद्धत सांगायची तर आधी नाटक सांगायला हवं.

नाटक एकच. दरवर्षी चैत्रातल्या उत्सवाला तेच. कधीकाळी आमच्या गावावर समुद्रातून धाड आली, घरं जळली, माणसं मारली गेली, उरलेली डोंगरापलीकडे पळाली, अशी गोष्ट घराघरांतून चालत आली आहे. धाड घालणारे कोण, याबद्दल जितकी घरं तितकी मतं. कोणी फिरंगी म्हणतं, कोणी चाचे, कोणी शेजारच्या परगण्यातले वसुलीवाले. मास्तरांनी नाटक लिहिलं तेव्हा त्यांना नाव दिलंच नाही. धाडवाले म्हणजे धाडवाले. कोणी फारच खोदलं तर ते म्हणत, “आपल्या खाडीच्या तोंडाला वाळूचा दांडा हाय. भरती कधी, वाट कुठली, हे ठाऊक नसलेली होडी आत येत नाय. म्हणजे वाट दाखवणारा आपल्यातलाच कोणतरी होता. त्याचं नाव आधी सांगा, मग मी बाकीच्यांची लिहितो.” विचारणारा मग दुसरा विषय काढायचा.

नाटकात मरण एकच होतं. धाडवाला विहिरीवर एका म्हाताऱ्याला गाठतो, धान्य कुठे पुरलंय ते विचारतो, म्हातारा सांगत नाही, धाडवाला त्याला मारतो. रक्त नाही. म्हाताऱ्याच्या हातातली मातीची घागर पडून फुटते आणि पाणी वाहत पहिल्या रांगेच्या पायांशी येतं. दरवर्षी पहिली रांग पाय वर घ्यायची. आधी थोडं हसू उमटायचं, मग ते एकदम थांबायचं.

नाटकाच्या दिवशी मारणाऱ्याने आणि मरणाऱ्याने दुपारी एका ताटात जेवायचं. भात आणि कुळथाची पिठी, दुसरं काही नाही. भांडण असलं तर जेवायच्या आधी मिटवायचं. आणि मारून झाल्यावर धाडवाल्याने तिथून निघून जायचं नाही. तलवार खाली ठेवायची, वाकायचं, मेलेल्याला त्याच्या घरच्या नावाने हाक मारायची, “ऊठ, घरी चल” म्हणायचं आणि हात देऊन उभं करायचं. हे पडदा पडायच्या आधी, सगळ्यांसमोर. बाहेरगावचे पाहुणे विचारायचे, “अरे, हे काय? रसभंग झाला की!” मास्तर म्हणायचे, “व्हायलाच पाहिजे. रस घेऊन घरी कुठं जाता?”

शिवाय बारी. यंदा ज्याने मारलं त्याने पुढच्या वर्षी मरायचं. आधी ती गावभर फिरायची; मी मंडळात आले तेव्हापासून मात्र दोघांच्यातच होती: मास्तर आणि कासमचाचा.

कासमचाचा खाडीपलीकडच्या मोहल्ल्यातले. तरीने, म्हणजे खाडी ओलांडणाऱ्या होडीने, सात मिनिटं. स्वतःच्या होडीचे तांडेल. त्यांच्या होडीच्या मशीनला मास्तरांशिवाय कोणी हात लावायचा नाही, आणि मास्तरांच्या अभिनयाला कासमचाचांशिवाय कोणी नावं ठेवायची नाहीत. तालमी सुरू झाल्या की दोघांचं चालायचं.

“गेल्या वर्षीचं तुझं कोपर अजून दुखतंय. यंदा तुझी खैर नाय.”

“मार रे बाबा, मार. पण उठवताना नाव नीट घे. मागच्या बारीला ‘मास्तर, ऊठ’ म्हणालास. मास्तर काय माझं नाव हाय?”

“तुझं नाव माझ्या तोंडात बसतच नाय.”

“मग पडून राहीन तिथंच. पडदा पाडा नायतर नको.”

अशी वर्षाआड एकदा, कासमचाचांच्या तोंडून, मास्तरांच्या खऱ्या नावाची हाक गावाला ऐकू यायची. एरवी काकीसुद्धा ‘अहो मास्तर’ म्हणत. ते नाव मी इथे लिहीत नाही. ते घ्यायचा मान माझा नव्हे.

नाटक संपलं की तलवारी गोणपाटात बांधून मास्तर स्वतःच्या खाटेखाली ठेवत. लाकडी होत्या, चंदेरी रंग उडालेल्या. तरी कोणाच्या हाती लागू नयेत. मुलांना खेळायलाही देत नसत. काकींची तक्रार असायची, “बारा महिने माझ्या खाटेखाली लढाई.” सभेत न पटलेला कागद आला की मास्तर त्याची घडी घालून क्रेटवर ठेवत आणि त्यावर बसत. फाडायचे नाहीत, परत द्यायचे नाहीत. माझे किती ठराव असे त्यांच्या बुडाखाली गेले याची यादी मी केली नाही, हे एकच बरं.

दोन वर्षांपूर्वी मुंबईहून सिनेमावाले आले. त्यांच्या दिग्दर्शकाने आदल्या वर्षीचं आमचं नाटक पाहिलं होतं. तिशीतला मुलगा, अभ्यासू, मोठ्यांना वाकून नमस्कार करणारा. तो वाईट माणूस नव्हता, हे आधी लिहून ठेवते. त्याला धाडीवर सिनेमा करायचा होता, खऱ्या खाडीत, खऱ्या विहिरीवर. मी पर्यटकांना भाड्याने देते त्या सहा खोल्या युनिटने घेतल्या, आणि इथली व्यवस्था मी बघावी असं ठरलं. होड्या, बैल, चहा, माणसं.

मागणी आली: साठ माणसं, तीस धाडवाले आणि तीस गावकरी. धाडवाल्यांना दाढी हवी. खरी असेल तर मेकअपचा दीड तास वाचेल.

मी वेळ वाचवणारी बाई. एक पान घेतलं, मधोमध पट्टीने रेघ मारली. डावीकडे धाडवाले, उजवीकडे गावकरी. दाढी कोणाला आहे? मोहल्ल्यातली तीस नावं डावीकडे, आमच्या वाडीतली तीस उजवीकडे. डावीकडचं पहिलं नाव कासमचाचांचं. अर्ध्या तासात यादी तयार झाली. फोटो काढून युनिटला पाठवला. त्यांच्याकडून अंगठा आला. मला स्वतःचं कौतुक वाटलं होतं, हेही लिहिते.

कागद मास्तरांना दाखवला. चष्मा न लावता, हात लांब करून त्यांनी दोन्ही बाजू वाचल्या. सावकाश.

“ही रेघ कोणी मारली गो?”

“मी. का?”

“काय नाय. सरळ आलीय.”

मग त्यांनी घडी घातली, क्रेटवर ठेवली आणि बसले. एवढंच. मला वाटलं, मानधनाबद्दल काही असेल. माझ्या डोक्यात तोवर प्रकाश पडला नव्हता.

दुसऱ्या दिवशी सकाळी धाडीच्या होड्या खाडीत शिरायच्या होत्या. पाच होड्या, त्यांतल्या दोन हर्ण्याच्या बंदरातून मागवलेल्या. समुद्रात नेईपर्यंत मशीन, मग शिडं, असं ठरलं होतं. एकही मशीन सुरू होईना. सगळं युनिट जेटीवर उभं. दिग्दर्शकाने मास्तरांना हात जोडले. मास्तरांनी दांडकं घेतलं, पाचही होड्यांवर चढून कान लावून आले.

“पाचही जणांना एकच आजार हाय.”

“कसला?”

“यादी पटत नाय त्यांना.”

कोणीतरी हसलं. मास्तर हसत नव्हते.

“साहेब, धाडवाले कोण होते?”

“आम्ही खूप वाचलंय मास्तर. तीन-चार शक्यता आहेत.”

“मग चारही दाखवा.”

“सिनेमात एकच दाखवावी लागते.”

“म्हणजे तुम्हाला ठाऊक नाय. ठाऊक नाय तर नाय. पण चेहरा मात्र तुम्ही खाडीच्या पलीकडून घेतलात.”

“अहो, फक्त दाढीसाठी. मेकअपचा वेळ...” त्याने माझ्याकडे पाहिलं. मी पाण्याकडे पाहिलं.

“तुमचा दीड तास वाचला,” मास्तर म्हणाले. “तुम्ही महिन्याभरात जाल मुंबईला. ह्या कासमला उद्या हर्ण्याच्या लिलावात मासळी घेऊन उभं राहायचं हाय. तिथं कोणतरी बोट दाखवेल, हाच तो म्हाताऱ्याला मारणारा. किती वर्षं दाखवेल?”

कासमचाचा शेजारीच उभे होते. म्हणाले, “माझा चेहरा हाय, मला पण विचारा की कोणतरी.”

“बोल.”

“मला तलवार नको. माझा खांदा धरलाय. आणि यंदा बारी मास्तरची हाय. गेल्या वर्षी मी मारलाय त्याला.”

दिग्दर्शकाने डोकं खाजवलं. “पण चाचा, गावकरी म्हाताऱ्याला एवढी दाढी?”

“त्या काळी न्हावी रोज येत होता काय?” मास्तर म्हणाले.

सगळे हसले, तोही हसला. नवी यादी मी तिथेच, मास्तरांच्या पाठीवर वही टेकवून केली. साठही नावं वयाप्रमाणे उतरवली आणि एक सोडून एक वाटली: हा धाडवाला, हा गावकरी, हा धाडवाला. रेघ नाही. तोवर पहिलं मशीन धडधडलं. मेकअपला दीड तास जास्त लागला. कोणी मेलं नाही.

विहिरीवरच्या प्रसंगाला मी बारा घागरी आणून ठेवल्या होत्या. अकरा फुटल्या. युनिटच्या डब्यांतून दोघांनाही वेगवेगळं जेवण आलं, तेव्हा मास्तरांनी दोन्ही डबे एका झाकणात ओतले. रक्ताला त्यांचा विरोध होता, पण तिथे दिग्दर्शक हटला नाही. घागरही फुटेल आणि रक्तही येईल, अशी तडजोड झाली. ते रक्त साखरेच्या पाकाचं. तिसऱ्या खेपेपासून कासमचाचांना मुंग्या लागायला लागल्या.

प्रत्येक वेळी ‘कट’ म्हटलं की युनिटवाला ओरडायचा, “बॉडी हलू देऊ नका, अँगल बदलायचाय!” आणि प्रत्येक वेळी मास्तर तलवार ठेवून वाकायचे. “कासम, ऊठ. घरी चल.” कासमचाचा उठायचे, मुंग्या झाडायचे, पाणी प्यायचे आणि परत मरायला जायचे. पाकाचे डाग पुन्हा नव्याने जुळवावे लागायचे. कपडेपटवाली मुलगी रडकुंडीला आली. मास्तरांनी तिला सांगितलं, “बाय, तुझं नाव काय? पूर्वा? तुला कोणी इथं पाडलं आणि अर्धा तास ‘बॉडी’ म्हणून ठेवलं, तर चालेल तुला?”

दहाव्या वेळेनंतर दिग्दर्शक म्हणाला, “मास्तर, सगळं आहे, पण डोळ्यांत द्वेष नाही.”

“कोणाबद्दल?”

“समोरच्या माणसाबद्दल.”

“ह्यानं माझ्या पोरीच्या लग्नात भात वाढलाय.”

“समजा, वाढला नाही.”

मास्तर विहिरीच्या कठड्याला टेकले. मग म्हणाले, “द्वेष नाय जमायचा. दुसरं एक करून बघतो. घ्या.”

अकराव्या वेळी त्यांनी जे केलं ते मला नीट सांगता येईल की नाही, माहीत नाही. ते रागावले नाहीत. दिवसाचं शेवटचं काम उरकणाऱ्या माणसासारखे चालत आले. प्रश्न विचारला तोही असा की, उत्तर मिळालं काय, नाही मिळालं काय, सारखंच. मशीनचा नट ढिला करताना ते ज्या सहजपणे मनगट फिरवत, तसं फिरवलं. कासमचाचा पडले, घागर फुटली. मास्तरांनी धोतराला हात पुसले आणि पुढचं घर कुठलं ते बघितलं.

साठ माणसं, वर युनिट. ‘कट’ म्हणायलाही दिग्दर्शक विसरला. आणि मास्तर वाकले नाहीत. तसेच उभे होते, पुढच्या घराकडे बघत.

शेवटी कासमचाचांनी एक डोळा उघडला. “मास्तर, मी खराच मेलो काय रे?”

तेव्हा मास्तर दचकले. गुडघ्यांवर बसून त्यांनी हाक मारली, एकदा सोडून तीनदा.

नंतर कासमचाचा रहाटाने पाणी काढत होते आणि मास्तर हात धूत होते. पाक केव्हाच गेला होता. मी टॉवेल घेऊन गेले.

“बाय, मला ते जमलं गो.”

“छानच झालं, मास्तर. सगळे बघतच राहिले.”

“तेच सांगतोय. एवढं सोपं जमायला नको होतं.”

त्या वर्षी उत्सवात नाटक झालं नाही. बारी विहिरीवर झाली, असं मास्तरांनी जाहीर केलं. दर महिन्याला ते मला विचारायचे, सिनेमा कधी? त्यांना एकच बघायचं होतं: आमच्यातला, ओळखीचा, वाडीतला चेहरा मारताना लोकांना कसा दिसतो. “लोकांनी म्हटलं पाहिजे, अरे, हा तर मशीनवाला मास्तर! मग त्यांना झोप नाय यायची. यायलाच नको.”

सिनेमा आला तेव्हा आम्ही दोन गाड्या करून रत्नागिरीला गेलो. मास्तर इस्त्रीचा सदरा घालून, खिशाला पाना लावून. कासमचाचा त्यांच्या शेजारी. विहीर आली. तीच अकरावी खेप घेतली होती. चालत आले, थांबले, मनगट फिरलं.

आणि पडद्यावरचे मास्तर ओरडले.

प्रत्यक्षात ते काहीही ओरडले नव्हते. पण चिकटवलेल्या दाढीत ओठ दिसत नव्हते, तेव्हा मुंबईत त्यावर कुठलाही आवाज बसला. भाषा दुसरी, आवाज तरुण, आणि एक धर्माची घोषणा. कुठली ते लिहीत नाही. मारणारा कोण, याबद्दल कोणाला शंका राहू नये अशी होती. मागच्या रांगांतून तिला उलट घोषणा आली. शिट्ट्या आल्या. मी कासमचाचांकडे बघितलं. त्यांनी रुमाल काढून खोकला आल्यासारखा दाढीवर धरला होता. सिनेमा संपेपर्यंत तो तिथेच होता. हाक मारून उठवणं वगैरे सिनेमात अर्थात नव्हतं.

बाहेर आल्यावर कासमचाचा म्हणाले, “मारलंस झकास. पण बोलला कोण रे तो, मास्तर?”

परतीच्या वाटेवर, गाव येईपर्यंत, मास्तर गप्प होते. मी म्हटलं ना, ते कधी गप्प राहत नसत.

त्यांनी सांगितलेलं पत्र मी लिहून पाठवलं. ‘चेहरा माझा वापरला, त्याबद्दल तक्रार नाही. आवाज काढा. मी न बोललेलं माझ्या तोंडात घातलंत, ते माझ्या शेजाऱ्याला भोगावं लागेल.’ दिग्दर्शकाचा फोन आला. तो खरंच ओशाळला होता. म्हणाला, निर्णय त्याच्या हातात राहिला नव्हता, दाखवून बघितलं तेव्हा लोकांना कळत नव्हतं मारणारे नक्की कोण आहेत ते.

“कळत नव्हतं तेच बरोबर होतं ना!” मास्तर फोनमध्ये एवढ्या मोठ्याने ओरडले की जेटीवरचे बगळे उडाले.

विहिरीवरचा तुकडा मोबाइलवर फिरला. हर्ण्याच्या लिलावात एका संध्याकाळी कोणीतरी कासमचाचांना ती घोषणा ऐकवली आणि दोघे-चौघे हसले. सिनेमात मेले होते ते. मारणारा चेहरा मास्तरांचा होता. पण घोषणा ऐकवली गेली ती कासमचाचांना.

पुढचा उत्सव तोंडावर होता. बारी कासमचाचांची, मरायचं मास्तरांनी. सभेत सुरेशभाऊ म्हणाले, “यंदा नको. कासमचाचाच्या हातात तलवार, समोर मास्तर आणि शंभर मोबाइल. पंधरा सेकंदांचा तुकडा कापून कोणी पुढे ढकलला की उठवलेलं कोण दाखवणार?” मुद्दा व्यवहाराचा होता. इतिवृत्तात नोंद आहे, ‘अनुमोदन: चिटणीस.’

मास्तर म्हणाले, “अरे, माझी मरायची बारी हाय. निदान मला मरू तरी द्या!” सगळे हसले आणि नाटक रद्द झालं. तो ठराव त्यांनी मागून घेतला, घडी घातली आणि त्यावर बसले. पण सभा संपल्यावर उठताना कागद तिथेच विसरले. असं कधी झालं नव्हतं.

श्रावणात मास्तर गेले. जेटीवरच, एका मशीनला दांडकं लावून ऐकत बसले होते. कासमचाचा तरीने आले, काकींसमोर बसले, “बारी राहिली” एवढंच म्हणाले आणि गेले.

तर नऊ तारखेची सभा. श्रद्धांजलीनंतर विषय दुसरा: यंदाचं नाटक. काकी म्हणाल्या, “करा बाबांनो. त्या तलवारी खाटेखालून काढा. मला केर काढता येत नाय.” हशा झाला. मग प्रश्न आला की धाडवाला कासमचाचा, तर म्हातारा कोण? पाच नट पडवीच्या फरशीकडे बघत होते. एकाला मुंबईत नोकरी आहे, एकाच्या मेव्हण्याने आधीच काहीबाही सुनावलं आहे, एकाची बायको नको म्हणते. कोणाच्या मनात कासमचाचांबद्दल वाईट नव्हतं. तरी हात वर झाला नाही.

“लिहा,” सुरेशभाऊ म्हणाले, “पात्र न मिळाल्याने नाटक स्थगित.”

मी ‘म्हातारा’ लिहिलं होतं. त्याच्या शेवटी वेलांटी दिली आणि पुढे माझं नाव लिहिलं. सव्वीस वर्षं मी विंगेच्या बाहेर आलेली नाही.

“बाईमाणूस?” सुरेशभाऊंनी विचारलं.

“विहिरीवर पाण्याला कोण जायचं?” काकी म्हणाल्या. “बाप्ये?”

ठराव मंजूर झाला. कामं वाटली. आज पंचवीस तारीख. घागर चिपळूणला सांगितली, झालं. परवानगीचा अर्ज दिला, पोच फाइलला आहे. शाळेचे बाक ठरले. तलवारी बाहेर काढून रंगवायला दिल्या. ‘कासमचाचांना विचारणे: चिटणीस’ याच्यापुढे खूण नाही.

अडचण अशी आहे. कासमचाचा आजही मोहल्ल्यात सांगतात की त्या मुंबईवाल्यांनी रेघ मारून आम्हाला एका बाजूला काढलं होतं, ती मास्तरने पुसली. रेघ कोणाची, हे मास्तरांनी त्यांना कधी सांगितलं नाही. मलाही कधी पुन्हा बोलून दाखवलं नाही. मी मात्र त्या माणसाबरोबर एका ताटात जेवायला बसणार आहे, आणि त्याआधी मिटवायचं असतं ते मिटवलेलं नाही.

एकदा गेले ती तरीवरूनच परतले, ओहोटी आहे असं स्वतःला सांगून. परवा पलीकडे पोचले. चाचा अंगणात जाळं शिवत होते. चहा झाला. त्यांनी माझ्या मुलाची चौकशी केली, मी त्यांच्या खांद्याची. मग म्हणाले, “काय काम काढलंस, बाय?”

मी म्हटलं, “सहज आले होते, चाचा.”